कडी

कातळात ठोकलेली ही लोखंडी कडी
आल्फ्रिदा पणजीच्या नवऱ्याने नाव बांधायला बसवली होती.
आज ती माझ्या कमरेला लागते
आणि पाणी साठ पावलं पलीकडे.

समुद्र ओसरलेला नाही.
जमीन वर येते आहे,
वर्षाला करंगळीच्या नखाएवढी.
आम्ही मुलांची उंची दाराच्या चौकटीवर कोरतो,
जमिनीची, किनाऱ्यावरच्या खडकावर.
मुलं अठराव्या वर्षी थांबतात.

तळाशी लाल ग्रॅनाइट आहे.
दीड अब्ज वर्षांपूर्वी तो रस होता,
खोल अंधारात इतक्या सावकाश निवला
की कढवलेलं तूप निवताना रवाळ होतं
तसा त्याला दाणा सुटला.
नंतर भेगांमधून काळा दगड चढला.
नंतरचं ठाऊक नाही.
वहीची मधली पानं फाटलीत,
आणि फाडणाऱ्याने ती समुद्रात टाकलीत.

मग बर्फ.
तीन किलोमीटर जाड, इंगेयार्दबाई शाळेत म्हणाल्या,
स्कूलेचा डोंगर दहा वेळा एकावर एक रचा, आणि बघा वर.
आम्ही खिडकीशी जाऊन वर बघितलं.
ओल्लेची टोपी पडली.

त्या ओझ्याखाली जमीन दबली,
जशी गादी दबते.
ओझं उठून गेलं त्याला दहा हजार वर्षं झाली.
गादी अजून भरते आहे.

तेव्हा डोंगरांचे फक्त माथे पाण्याबाहेर होते.
लाटांनी खालची माती धुऊन नेली,
माथ्यावरची राहिली,
म्हणून इथले डोंगर अंगाने उघडे
आणि डोक्यावर देवदारांची टोपी.
जंगलात, पार वर, बेरी वेचताना
अचानक पायाखाली गोटे लागतात,
गुळगुळीत, भाकरीएवढे, शेवाळ चढलेले.
तो समुद्रकिनारा आहे.
तिथे उभं राहिलं की मी उगाच आवाज उतरवते.

आता आमच्या भांडणाचं सांगते.
बाबांच्या आणि तोर्ग्नी नेसमानच्या नावघरांमध्ये
अकरा मीटर रुंदीची एक पट्टी आहे.
दोघांच्या आजोबांच्या लहानपणी तिथे मासे होते.
बाबा म्हणत, माझी. तोर्ग्नी म्हणे, माझी.
मोजणीवाला आला, पिवळा कोट घालून,
चार खुंट्या ठोकून, दोन घरची कॉफी पिऊन गेला.
निकाल कुणालाच पटला नाही.
सत्तावीस वर्षं अबोला.
हेरिंगच्या मोसमात एकमेकांकडे पाठ करून जाळी झाडायची,
नाताळला पत्र नाही, मयताला फूल नाही.
त्या अबोल्यात जमीन आणखी एक वीत वर आली
आणि पट्टी रुंद झाली.
खुंट्यांच्या पलीकडे जे उगवलं
त्याचं काय, हे कुणी विचारलंच नाही.

बाबा मार्चमध्ये गेले.
मी त्यांची गादी उन्हात टाकली नाही अजून.
डाव्या कुशीचा खळगा तसाच आहे,
म्हणजे, जवळजवळ तसाच.

ऑक्टोबरात तोर्ग्नी आला. एक्क्याऐंशी वर्षांचा,
हातात पाना, खांद्यावर ड्रिल,
खिशात नवी कडी, वर्तमानपत्रात गुंडाळलेली.
सिक्स्टेनची नाव एकटीने ओढायची नाही, म्हणाला.
एवढंच. बाकी काही नाही.
आम्ही दोघांनी ती पट्टीवरून ओढली.
तो मधे दोनदा थांबला, धाप लागून,
आणि दोन्ही वेळा खुंट्यांकडे न बघण्याची काळजी घेतली.

दिवस त्याने नेमका निवडला होता.
हवेचा दाब चढला की आमचा समुद्र उतरतो,
त्या दिवशी तो कित्येक वर्षांत नव्हता इतका उतरला होता.
ओल्या, काळ्या, कधी न दिसलेल्या खडकाला
त्याने गुडघे टेकून भोक पाडलं.

मी म्हटलं, तोर्ग्नीकाका, फार खाली होतेय,
उद्या बुडेल ही.

हो, म्हणाला,
आणि पाना आवळत राहिला.